वाघदेवाचे नऊ हेक्टर

उंबरदरीच्या ठमाबाई भोयेला ओळखत नाही असा कारकून नाशिकच्या कचेऱ्यांत शोधून सापडायचा नाही. ती जिना चढताना दिसली की निम्मे लोक जेवायला उठायचे, मग घड्याळात साडेदहा का वाजलेले असेनात. उरलेले मुकाट्याने खुर्ची पुढे करायचे. बाईला उभं ठेवलं तर ती संध्याकाळपर्यंत तशीच उभी राहते आणि येणाऱ्या-जाणाऱ्या सगळ्यांना दिसत राहते, हे त्यांना चांगलं ठाऊक होतं. सातवीपर्यंत शिकलेली, साठी उलटलेली, खांद्याला गोणपाटाची शिवलेली पिशवी आणि त्या पिशवीत अख्ख्या गावाचे कागद, अशी ही बाई. हरसूलच्या बाजूच्या दहा-बारा पाड्यांना जंगलाचा हक्क म्हणजे काय हे तिनेच समजावलं होतं. एकदा मोर्च्याबरोबर मुंबईपर्यंत पायी गेली होती आणि एकदा दगडाच्या खाणीचा डंपर अडवून त्याच्यासमोर नागलीची भाकर खात बसली होती. खाण गेली, डंपर गेला, ठमाबाई राहिली.

तिचा एक नियम होता आणि तिची सगळी ताकद त्या नियमातच होती. कचेरीत खोटं बोलायचं नाही. पंचवीस वर्षांत एकही आकडा तिने फुगवून सांगितला नव्हता, एकही म्हातारा मेलेला असताना जिवंत दाखवला नव्हता. त्यामुळे तिचा राग येणारे साहेबसुद्धा तिचा कागद उलटून पाहत नसत.

तर या ठमाबाईने गावाला तीनशे बारा हेक्टर जंगलाचा सामूहिक हक्क मिळवून दिला. नऊ हेक्टर तेवढे बाहेर ठेवले. ही गोष्ट त्या नऊ हेक्टरांची आहे.

गावाच्या वरच्या अंगाला, डोंगराच्या बेचक्यात वाघदेवाची राई आहे. आंबे, बेहडे, करंज, आणि ज्यांची नावं आता फक्त म्हाताऱ्यांनाच येतात अशी झाडं. मध्यभागी देवाचा लाकडी खांब, त्यावर वाघ, चंद्र आणि सूर्य कोरलेले. राईचे नियम थोडे, पण कडक. पायात वहाण नको. बाईने आत जायचं नाही. आणि आतलं काही म्हणजे काही बाहेर आणायचं नाही, वाळकी काटकीसुद्धा नाही. गावातल्या कुसाबाईच्या नवऱ्याने लग्नाच्या पहिल्याच वर्षी आत पडलेला एक आंबा बायकोसाठी लपवून आणला होता, तर कुसाबाईने लाडात यायचं सोडून त्याला कोयीसकट आणि नारळासकट परत धाडलं. राईतून एक झरा निघतो. त्याचं पाणीही आत जाऊन भरायचं नाही. ते आपल्या पायाने राईबाहेर आलं, खालच्या दगडावरून पडलं, की मग ते गावाचं. मे महिन्यात आजूबाजूच्या पाड्यांच्या विहिरी तळ दाखवतात, बाया टँकरच्या मागे धावतात, आणि उंबरदरीच्या बाया मात्र त्या दगडाखाली हंडा लावून एकमेकींच्या सुनांची उणीदुणी काढत बसलेल्या असतात.

पंधरा वर्षांपूर्वी दाव्यासाठी जंगलाची शीव मोजायची होती. एका संस्थेची माणसं हातात धरायचं यंत्र घेऊन आली. यंत्र घेऊन चालत गेलं की नकाशावर आपोआप रेघ उमटते म्हणे. ठमाबाई पुढे आणि गाव मागे, असे चार दिवस सगळे शीव चालले. राईपाशी आल्यावर यंत्रवाला म्हणाला, हीपण आत घेऊन टाकू. कारभारी भगत, वाघदेवाची पूजा पिढीजात ज्यांच्याकडे आहे ते, नुसते जागच्या जागी उभे राहिले. बोलली ती ठमाबाई.

"देवाची जागा आपल्या नावावर करायची म्हंजी काय? उद्या देवाकडं भाडं मागशीला का?"

सगळे हसले. यंत्रवालाही हसला. राईला बाहेरून वळसा घालून रेघ पुढे गेली आणि नकाशाच्या मधोमध एक गोल भोक पडलं. दाव्याच्या अर्जात त्याचा खुलासा लागत होता, तो ठमाबाईने स्वतःच्या हाताने लिहिला: या क्षेत्रावर ग्रामसभेचा दावा नाही. खाली सही केली. अक्षर वळणदार आलं म्हणून तिला तेव्हा बरंही वाटलं होतं. शहरातल्या माणसाने देवाचं नाव पुढे करून चार हेक्टर जास्तच लिहून घेतले असते. उंबरदरीच्या लोकांना ते सुचलंच नाही, आणि सुचलं असतं तर त्यांना त्याची लाज वाटली असती.

मग गेल्या वर्षी कंपनी आली. समाजमंदिराच्या भिंतीवर पडदा लावून त्यांच्या माणसाने चित्रं दाखवली. डोंगरावर एक तळं करायचं, पायथ्याला दुसरं. दिवसा खालचं पाणी वर चढवायचं, संध्याकाळी ते खाली सोडायचं आणि त्यावर वीज करायची. चढवलेलं पाणी परत खालीच सोडायचं तर चढवायचं कशाला, असं कुसाबाईने विचारलं आणि बाया पदर तोंडाला लावून हसल्या. ठमाबाई मात्र हसली नाही. ती उभी राहिली आणि म्हणाली, हे जंगल गावाच्या हक्काचं आहे, ग्रामसभा परवानगी देणार नाही, तुम्ही पडदा गुंडाळा.

तो माणूस रागावला नाही. त्याने हात जोडले. मावशी, तुमच्या हक्काच्या एका गुंठ्यालाही आम्ही हात लावत नाही, असं तो म्हणाला. तुमच्या नकाशाचा मान राखूनच आम्ही आराखडा बदलला आहे. आणि त्याने पुढचं चित्र लावलं. पडद्यावर गावाचा स्वतःचा नकाशा होता. तीनशे बारा हेक्टर हिरवे. मधोमध गोल भोक, आणि त्या भोकात निळ्या रंगाचं तळं अगदी मापात बसवलेलं. रेघ कोणाची आहे हे ठमाबाईला सांगावं लागलं नाही. ती रेघ तिनेच चालून काढली होती. त्या दिवशी सभेत ती पुढे एक शब्द बोलू शकली नाही, आणि ठमाबाई बोलत नाही म्हटल्यावर गावाला पहिल्यांदा खरी भीती वाटली.

नाशिकची तृप्ती वकील होती आणि आदिवासींच्या दाव्यांची कामं फी न घेता करायची. ठमाबाईच्या मुलीच्या वयाची, ठमाबाईला मावशी म्हणणारी. तिने अर्जातलं ते वाक्य दोनदा वाचलं, चष्मा काढला आणि कपाळ चोळत बसली. मग म्हणाली, अजून सगळं गेलेलं नाही. गावाने पिढ्यानपिढ्या राखलेलं जंगल, पूजेची जागा, हाही कायद्याने हक्कच आहे. नव्याने दावा टाकता येईल. घोडं अडतंय ते या एका वाक्यापाशी. ते खोडायला गावातल्या सगळ्यांत जुन्या माणसाचा जबाब लागेल. त्याने साहेबांसमोर सांगायचं की राई आमची आहे, आम्ही ती राखली. बस, एवढंच.

सगळ्यांत जुना माणूस म्हणजे कारभारी भगत. ऐंशीच्या पुढचे. ते एका शब्दाने तयार झाले, कारण ठमाबाई सांगते ते गावाच्या भल्याचं असतं ही त्यांची पक्की समजूत होती. नव्या दाव्याच्या सुनावणीच्या दिवशी धुतलेलं धोतर आणि नवी टोपी घालून ते सकाळच्या एसटीत ठमाबाईच्या शेजारी बसले. ती त्यांना वाटभर पढवत होती.

"साहेब इचारंल, बाबा, राई कोनाची? मंग काय सांगायचं?"

"आमची," कारभारी म्हणायचे.

त्र्यंबक येईपर्यंत त्यांनी ते पंधरा-वीसदा तरी म्हटलं असेल. पुढच्या सीटवरचा एक शिक्षक मागे वळून हसलासुद्धा. नाशिकला सीबीएस स्टँडवर उतरल्यावर रस्ता ओलांडतानाही म्हातारा ओठांतल्या ओठांत तोच शब्द घोळवत होता, आणि ठमाबाईला वाटलं, होईल. एवढंच तर आहे. होईल.

साहेब वाईट नव्हते. वाईट असते तर ठमाबाईला सोपं गेलं असतं. वाईट साहेबांशी कसं भांडायचं हे तिला पाठ होतं. या साहेबांनी कारभारींना पाणी दिलं, पंख्याखाली बसवलं, वय विचारलं. समोरच्या बाजूला कंपनीचा तो हात जोडणारा माणूस बसला होता. एक कारकून संगणकावर प्रत्येक शब्द टिपत होता. मग साहेबांनी विचारलं, बाबा, ती राई कोणाची आहे?

कारभारींनी तोंड उघडलं. त्यांनी ठमाबाईकडे पाहिलं, मग खिडकीबाहेर पाहिलं. शब्द ओठांवर होता, तिला तो दिसत होता. पण ऐंशी वर्षं ज्याच्यासमोर वहाणा काढून उभं राहिलं त्याच्याबद्दल तो शब्द काही बाहेर पडेना.

"देवाची," ते म्हणाले.

"म्हणजे गावाची ना?" साहेबांनी खरंच मदत करायचा प्रयत्न केला.

"गावाची कशी असंल? गाव बी देवाचंच हाय, साहेब."

कारकुनाची बोटं खडखडली. साहेबांनी दुसऱ्या बाजूने विचारून पाहिलं. तुम्ही लोक तिथून काय काय घेता? लाकूड, पाला, मध? चोरीचा आळ यावा तसे कारभारी खुर्चीत ताठ झाले. आम्ही कशाला काय घेऊ, असं त्यांनी उलट विचारलं. आमच्या बापानेही कधी काडी आणली नाही. तृप्ती पटकन उठली. काही न घेणं हेच तर राखणं आहे, असं तिने कायद्याचं कलम काढून दाखवलं. साहेबांनी ते वाचलं आणि मान हलवली. तुमचं म्हणणं मला कळतंय मॅडम, ते म्हणाले, पण कागदावर काय आहे? दावा नाही असं त्यांनीच लिहून दिलंय. जागा आमची नाही असं हे आत्ता सांगतायत. वापर नाही म्हणतायत. पूजेचा एक फोटो नाही, कुठे नोंद नाही. हक्क द्यायचा तर मी तो कशावर टेकवू?

ठमाबाईच्या कानात त्यातलं एकच राहिलं. वापर नाही. वापर असता तर हक्क असता. पंचवीस वर्षं ती हेच शिकत आली होती: जमीन कसत होतो म्हणून मिळाली, डिंक-मोह गोळा करत होतो म्हणून जंगल मिळालं. समोर कंपनीचा माणूस त्याचे कागद गोळा करायला लागला होता. तिला त्या दगडावरून पडणारं पाणी दिसलं आणि ते थांबलेलं दिसलं. ती उठून उभी राहिली.

"साहेब, मी जाते आत," ती म्हणाली. "लहानपनापास्नं जाते. लाकडं आनते, मध काढते, आंबे, डिंक, सगळं आनते. गावच्या सगळ्या बाया जात्यात."

तृप्तीने तिचा पदर ओढला, पण शब्द गेले होते. कारकून टिपत होता. वाक्य संपल्यावर ठमाबाईला एवढी लाज वाटली की तिला कारभारींकडे मान वळवता येईना. आणि त्या लाजेच्या खाली, लपवून कशाला ठेवायचं, तिला थोडी आशाही वाटत होती. तिचा शब्द या कचेरीत कधी कोणी उलटून पाहिला नव्हता. साहेबांनी नुसतं विचारलं, हे तुम्ही विचार करून सांगताय ना? ती हो म्हणाली. त्यांनी तिची सही घेतली.

परतीच्या एसटीत कारभारी खिडकीशी बसले. ठमाबाईला सांगायचं होतं की मी खोटं बोलले, पण आजूबाजूला माणसं होती, आणि शिवाय तिला वाटलं, निकाल आपल्या बाजूने लागला की सांगू. तेव्हा सांगणं सोपं जाईल. हरसूलला उतरल्यावर म्हातारा तिच्या चार पावलं पुढे चालत राहिला.

निकाल दोन महिन्यांनी आला. सरकारी कागद ग्रामसभेत पूर्ण वाचायचा, एक ओळ गाळायची नाही, ही शिस्त गावाला ठमाबाईनेच लावलेली. तिने घरी पाकीट फोडलं, शेवटपर्यंत वाचलं आणि बराच वेळ चुलीसमोर बसून राहिली. जाळता आला असता. पण मग संध्याकाळी ती समाजमंदिरात गेली, चष्मा लावला आणि वाचायला लागली.

"ग्रामसभेच्या प्रतिनिधी यांनी समक्ष दिलेल्या जबाबानुसार सदर राईतून लाकूड, मध, आंबे व डिंक नियमितपणे काढून नेले जात असल्याचे निष्पन्न होते. सबब सदर क्षेत्र परंपरेने राखलेली देवराई असल्याचे दावेदारांचे म्हणणे ग्राह्य धरता येत नाही. पूर्वीचे 'दावा नाही' हे निवेदन कायम ठेवण्यात येत असून दावा अमान्य करण्यात येत आहे."

खरं लिहिलं तेव्हा त्या कागदाने राई गावाची नाही असं ठरवलं होतं. खोटं बोलली तेव्हा या कागदाने राई देवाचीही नाही असं ठरवलं. ठमाबाईने कागद खाली ठेवला आणि ती आपण होऊन म्हणाली की मी कधीही आत गेलेली नाही, मी खोटं बोलले, राई वाचावी म्हणून बोलले. सभेत कोणी ओरडलं नाही. ओरडले असते तर बरं झालं असतं.

"खोटं तवा बोललीस का आता बोलतीस?" कुसाबाईने विचारलं. तिच्या आवाजात राग नव्हता. तिला खरंच कळत नव्हतं.

गावच्या सगळ्या बाया जातात असंही ठमाबाई साहेबांसमोर बोलली होती, तेही कागदात आलं होतं, आणि त्या बाया समोर बसल्या होत्या. एकेक करून त्या उठल्या. मग पुरुषही गेले. सभेआधी तृप्तीशी ती फोनवर बोलली होती. वर अपील करता येईल, पण त्यात पहिल्यांदा जबाब खोटा होता हे लिहून द्यावं लागेल, आणि एकदा ते लिहून दिलं की उंबरदरीचा पुढचा कुठलाच कागद कोणी खरा मानणार नाही, तीनशे बारा हेक्टरांचासुद्धा. शिवाय अपील उभं राहीपर्यंत काम थांबत नाही. ठमाबाईने आयुष्यात पहिल्यांदा तृप्तीला सांगितलं होतं की मला काही सुचत नाही.

समाजमंदिरात शेवटी कारभारी उरले. ते काठी टेकत तिच्याजवळ आले आणि हळूच खाली बसले.

"तू नाय गेली व्हतीस ना?"

"नाय, बाबा. तुमच्या पायाची आन."

त्यांनी तिच्याकडे नीट पाहिलं. मग मान हलवली. त्यांनी तिच्यावर विश्वास ठेवला, आणि एवढ्या दिवसांत पहिल्यांदा ठमाबाईला रडू आलं. तिने ते पदराने पुसलं, पण ते परत आलं.

"मी देवाला सांगून येतो," कारभारी म्हणाले. "नारळ घेऊन जातो अन् सांगतो, ठमाबाय आत आली नव्हती, राई वाचवायसाठनं बोलली. त्याला समजंल. येत्या वाघबारशीला सांगतो, सगळं गाव असंल तवा."

वाघबारशीला, वाघदेवाच्या सणाला, अजून तीन आठवडे होते. ठमाबाईने कागदाचं शेवटचं पान उलटलं. ते तिने सभेत वाचलं नव्हतं. वाचायच्या आधीच माणसं उठली होती. कंपनीला जागेचा ताबा द्यायची तारीख तिने पुन्हा एकदा पाहून घेतली.

"सोमवारच्या आत जाऊन या, बाबा," ती म्हणाली. "सोमवारी तारेचं कुंपन घालत्यात. मंग आत जायला त्यांच्याकडं अर्ज करावा लागंल."

कारभारींनी विचारलं, "तू लिहून देशील ना अर्ज?"